दगडाच्या पोटातील ऊन

ग्वाल्हेर शहराला दोन्ही ऋतूंचा अतिरेक सोसावा लागतो. मे महिन्यात तेथील पारा ४५ अंश सेल्सिअसच्या आसपास रेंगाळतो, दुपारी रस्ते ओस पडतात आणि पश्चिमेकडून येणारी कोरडी झळ दारेखिडक्यांच्या फटीतून घरात शिरते. जानेवारीच्या पहाटे हेच शहर धुक्यात बुडालेले असते आणि पारा पाचसात अंशांपर्यंत उतरतो. समुद्र फार दूर असल्यामुळे दिवस आणि रात्र यांच्या तापमानातही पुष्कळ अंतर पडते. १८१० च्या सुमारास दौलतराव शिंदे यांच्या फौजेचा तळ ग्वाल्हेरच्या किल्ल्याच्या पायथ्याशी पडला. त्या छावणीचेच पुढे ‘लष्कर’ नावाचे नांदते शहर झाले आणि दक्षिणेतून गेलेली अनेक मराठी कुटुंबे तेथे कायमची राहिली. कोकणातील उतरत्या छपराचे, मोकळ्या पडवीचे घर या हवेत चालण्यासारखे नव्हते. येथे हाताशी होता तो वालुकाश्म, आणि तो घडविणारे पिढीजात पाथरवट. हात दीड हात जाडीच्या दगडी भिंती, लहान खिडक्या आणि आत चौक, अशी घराची रीत या भागात रूढ झाली होती. जुन्या घरातील माणसे म्हणत, की भिंत जाड असली म्हणजे घर उन्हाळ्यात थंड आणि थंडीत ऊबदार राहते.

हे म्हणणे ऐकावयास सोपे आहे. पण त्यातील कोडे थोडे विचार केल्यावर ध्यानात येते. एकच भिंत उन्हाळ्यात गारवा आणि हिवाळ्यात ऊब कशी देईल? भिंत काही अग्नी नव्हे आणि बर्फही नव्हे. तिच्या अंगी एकच गुण आहे. तो म्हणजे उष्णता पोटात घेण्याचा, काही काळ ती धरून ठेवण्याचा आणि मग सावकाश परत देण्याचा. या एका गुणावर आज जगभर सूर्याच्या उष्णतेची कोठारे उभी राहात आहेत, आणि याच गुणाकडे दुर्लक्ष केल्यामुळे आपल्या शहरांतील हजारो घरे रात्री भट्टीसारखी तापलेली राहतात. म्हणून तो नीट समजून घेणे अगत्याचे आहे.

पदार्थाला उष्णता दिली, की दोन गोष्टींपैकी एक घडते. एक तर त्याचे तापमान वाढते. किंवा तापमान तेच राहून त्याची स्थिती पालटते. चुलीवरचे पाणी तापत जाते, तेव्हा त्याला दिलेली उष्णता बोटाला कळते, तापमापकात दिसते. हिला संवेद्य उष्णता म्हणतात. पाणी उकळू लागले, की खालून कितीही जाळ केला तरी पारा १०० अंशांपुढे सरकत नाही. सारी उष्णता पाण्याची वाफ करण्यात खर्ची पडते. ही सुप्त उष्णता. ग्लासगो येथील प्राध्यापक जोसेफ ब्लॅक यांनी अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात या दोहोंतील भेद प्रथम स्पष्ट केला. वाळ्याच्या ताट्यांवर पाणी शिंपडून घर गार करणे किंवा मडक्यातील पाणी निवणे हा सुप्त उष्णतेचा खेळ होय. जाड भिंतीचा गारवा मात्र संवेद्य उष्णतेचा आहे. भिंत वितळत नाही, वाळत नाही, तिचे रूप पालटत नाही; ती केवळ काही अंशांनी तापते आणि काही अंशांनी निवते. पुढील विवेचन या दुसऱ्या प्रकारापुरते आहे.

संवेद्य उष्णता किती साठेल हे तीन गोष्टींवर अवलंबून असते. पहिली, पदार्थाचे वजन. दुसरी, त्याचे तापमान किती अंशांनी वाढविले ती वाढ. तिसरी, त्या पदार्थाची विशिष्ट उष्णता. म्हणजे त्याचा एक किलो एक अंशाने तापविण्यास किती उष्णता लागते तो आकडा. या तिहींचा गुणाकार केला, की साठा किती ते कळते. पाण्याचा विशिष्ट उष्णतेचा आकडा १ किलोकॅलरी आहे, आणि नित्याच्या पदार्थांत याबाबतीत पाण्याची बरोबरी करणारा दुसरा पदार्थ जवळजवळ नाही. वालुकाश्माचा आकडा सुमारे ०.२, म्हणजे पाण्याच्या पाचव्या हिश्शाइतका आहे. लोखंडाचा त्याहून कमी, सुमारे ०.११. यावरून कोणी म्हणेल, की मग दगडाला विचारतो कोण? परंतु दगड जड असतो. एक घनमीटर पाणी १,००० किलो भरते, तर तेवढाच वालुकाश्म सुमारे २,३०० किलो भरतो. त्यामुळे वजनाऐवजी जागेचा हिशेब केला, तर दगडात पाण्याच्या जवळजवळ निम्मी उष्णता मावते; आणि बिडाच्या लोखंडात तर पाण्याच्या तीनचतुर्थांशाहून अधिक. शिवाय उघड्या टाकीतील पाणी १०० अंशांपुढे तापविता येत नाही. दगड, वीट, वाळू व लोखंड यांना ही मर्यादा नाही. ती कित्येक शे अंशांपर्यंत तापविता येतात. आणि दगड गळत नाही, आटत नाही, त्याला टाकीही लागत नाही. तो स्वतःच भिंत होऊन उभा राहतो.

हे आकडे घराला लावून पाहू. चार मीटर लांब, तीन मीटर उंच आणि साठ सेंटिमीटर जाड अशी एकच दगडी भिंत घ्यावी. तिच्यात ७.२ घनमीटर दगड आहे. वजन सुमारे साडेसोळा टन. ही भिंत अवघ्या एका अंशाने तापविण्यास सुमारे ३,३०० किलोकॅलरी उष्णता लागेल. विजेच्या भाषेत ती पावणेचार युनिटांहून थोडी अधिक होते. त्याच खोलीची लांबीरुंदी चारचार मीटर धरली, तर आतील सर्व हवेचे वजन साधारण ५५ किलो भरेल, आणि ती एका अंशाने तापविण्यास फक्त १३ किलोकॅलरी पुरतील. म्हणजे एका भिंतीची साठवण खोलीतील हवेच्या अडीचशे पट. दार क्षणभर उघडून बाहेरची झळ आत आली, तरी दार लावताच भिंती त्या हवेतील उष्णता सहज शोषून घेतात. आणि हिवाळ्यात दिवसभर उन्हाने तापलेली भिंत रात्री एकेक अंशाने निवते, तेव्हा प्रत्येक अंशामागे तीच ३,३०० किलोकॅलरी उष्णता परत देते. त्यातील काही बाहेर जाते आणि काही आत येते.

परंतु केवळ मात्रेचा हिशेब पुरेसा नाही. वेळेचा हिशेब त्याहून महत्त्वाचा आहे. बाहेरून भिंतीवर पडलेले ऊन आत पोहोचण्यास काळ लागतो. दगडातून उष्णता मुंगीच्या पावलांनी चालते. दुपारी भिंतीच्या बाहेरच्या अंगावर उष्णतेची जी लाट उठते, ती आत सरकत सरकत साठ सेंटिमीटर जाडीच्या पलीकडे निघेपर्यंत साधारण अर्धा दिवस लोटतो, आणि वाटेत तिचा जोर बराच मोडतो. बाहेर वीस अंशांची चढउतार असली तर आतल्या अंगाला ती एखाददुसऱ्या अंशाचीच जाणवते. दुपारी दोनचे ऊन आत पोहोचते ते उत्तररात्री, म्हणजे बाहेरची हवा निवालेली असते त्या वेळी. तेव्हा खिडक्या उघडल्या की आलेली उष्णता बाहेर निघून जाते. आणि पहाटेचा गारवा आतल्या अंगाला पोहोचतो तो ऐन दुपारी, जेव्हा त्याची सर्वांत अधिक गरज असते. जुन्या घरांत दिवसा खिडक्या गच्च लावून घेण्याची आणि सूर्य मावळल्यावर त्या सताड उघडण्याची जी शिस्त होती, तिचे मर्म हेच आहे. ती शिस्त नसेल, तर जाड भिंतीचा अर्धा उपयोग वाया जातो. कारण रात्री जी भिंत रिकामी केली नाही, ती दुसऱ्या दिवशी उष्णता ठेवणार कोठे?

दिवसाची लाट जशी भिंतीत शिरते, तशी वर्षाची लाट जमिनीत शिरते. दिवसाची लाट अर्ध्या मीटरच्या आसपास विरते. वर्षाची लाट तिच्या मानाने फार लांब असल्यामुळे कित्येक मीटर खोल जाते आणि तिला काही महिने लागतात. मातीत चार मीटर खोलीवर मे महिन्याचा ताप पोहोचतो तो ऑगस्ट-सप्टेंबरच्या सुमारास. त्याच्याही खाली, दहाएक मीटरांच्या पलीकडे, उन्हाळा आणि हिवाळा यांतील फरक जवळजवळ उरत नाही. तेथील तापमान त्या गावच्या वर्षाच्या सरासरीइतके राहते. ग्वाल्हेरच्या बाबतीत ते २५-२६ अंशांच्या जवळपास येईल. बाहेर ४५ अंशांची झळ असताना काही पायऱ्या उतरून वीस अंशांनी गार अशा जागेत जाता येते, यात जादू कसलीच नाही. गेल्या हिवाळ्याचा गारवा भूमीने जपून ठेवलेला असतो, एवढेच.

या गोष्टीचा भव्य दाखला ग्वाल्हेरच्या किल्ल्यावर आहे. राजा मानसिंह तोमर याने १४८६ ते १५१६ या आपल्या कारकीर्दीत बांधलेला मानमंदिर महाल किल्ल्याच्या पूर्वेकडील कड्यावर उभा आहे. त्याचे दोन मजले वर आहेत, तर दोन खाली, कड्याच्या पोटाशी. वरच्या मजल्यांवरील निळ्या चकाकत्या फरशांची नक्षी प्रवाशांचे डोळे वेधून घेते; पण उष्णतेच्या अभ्यासकाला खालचे दोन मजले अधिक बोलके वाटतात. त्यांच्या एका बाजूस टेकडीचा अखंड खडक आणि वर दोन मजल्यांचे दगडी ओझे. म्हणजे चोहोंकडून उष्णतेची विशाल कोठारे. भिंतींतून वर नेलेल्या झरोक्यांनी तेथे हवा आणि थोडा उजेड पोहोचविला आहे. १५२८ साली बाबर बादशहाने हा महाल पाहिला. खालचा मजला इतका काळोखा होता, की मेणबत्ती घेऊन हिंडावे लागले, असे त्याने आपल्या आठवणींत नमूद केले आहे. या गारव्याची किंमत कोणती, ते त्या मेणबत्तीवरून कळते. तळघर थंड असते, पण अंधारे असते; हवा खेळती ठेवणे कठीण, आणि पावसाळ्यात ओल येते. पुढे मोगलांच्या काळात किल्ल्याच्या अशाच काळोख्या जागांचा तुरुंग म्हणून वापर झाला. साठवणीची प्रत्येक रीत काही देते आणि काही घेते, हे विसरता येत नाही.

भिंत आणि भूमी यांच्यात उष्णता आपोआप शिरते व आपोआप निघते. माणसाने हेतुपूर्वक उष्णता भरून ठेवण्याच्या रीतीही जुन्याच आहेत. गोव्यातील पोदेर आपल्या घुमटाकार भट्टीत आधी लाकडे जाळतो. विटा चांगल्या तापल्या, की निखारे ओढून काढतो आणि मग पाव आत ठेवतो. त्या वेळी भट्टीत जाळ नसतो. विटांच्या पोटातील उष्णताच पाव भाजते. घरोघरचा तांब्याचा बंब, दुखऱ्या अंगाला दिलेला तापल्या विटेचा शेक, ही त्याच तत्त्वाची घरगुती रूपे. कारखान्यांनी हे तत्त्व फार मोठ्या प्रमाणावर वापरले. एडवर्ड आल्फ्रेड काउपर या इंग्रज अभियंत्याने १८५७ साली झोतभट्टीसाठी विटांच्या जाळीने भरलेल्या उंच तापकाची युक्ती पेटंट केली. झोतभट्टीतून निघणारा, एरवी वाया जाणारा वायू या तापकात जाळावयाचा. विटा लाल होईतो तापल्या की तो बंद करून त्याच विटांमधून थंड हवा सोडावयाची. ही हवा विटांची उष्णता घेऊन हजार अंशांच्या घरात तापते आणि झोतभट्टीत शिरते. एक तापक भरत असताना दुसरा रिकामा होत असतो. १९५९ साली भिलाई येथे पहिली झोतभट्टी पेटली. ते गाव तेव्हा मध्य प्रदेशात होते, आज छत्तीसगडात आहे. पोलादाच्या प्रत्येक मोठ्या कारखान्यात झोतभट्टीच्या शेजारी हे उंच दंडगोल उभे असतात. ती उष्णतेची कोठारेच होत.

सूर्याची उष्णता कामास लावू पाहणाऱ्यांना साठवणीवाचून गत्यंतरच नाही. सूर्य दिवसा तळपतो. दिवा रात्री लागतो, आणि स्नानाचे पाणी पहाटे हवे असते. शिर्डीच्या साईबाबा संस्थानात २००९ साली प्रसादालयाचा स्वयंपाक सूर्याच्या वाफेवर करण्यासाठी ७३ अंतर्गोल आरशांची योजना बसविण्यात आली. ऊन नसेल तेव्हा स्वयंपाक अडू नये, म्हणून ती नेहमीच्या बॉयलरला जोडलेली होती. ऊन साठविले नाही, तर इंधनाचा आधार घ्यावा लागतो, हा त्यातील बोध. घराच्या गच्चीवरील पाणी तापविण्याच्या सौर उपकरणात साठवण आहे. त्याची आवरण घातलेली टाकी हेच कोठार. त्यात १०० लिटर पाणी २५ अंशांवरून ६० अंशांवर नेले, तर ३,५०० किलोकॅलरी उष्णता साठते. ती चार युनिट विजेच्या जवळपास भरते. एवढी उष्णता एका किलोहून कमी कोळशात असते. यावरून संवेद्य उष्णतेच्या साठ्याला जागा किती लागते, ते दिसून येईल. परंतु कोळसा एकदा जळाला की संपला. टाकी मात्र रोज सकाळी नव्याने भरू लागते.

स्नानाला ६० अंश पुरतात. वाफेवर जनित्र फिरवावयाचे तर कित्येक शे अंश हवेत. येथे मात्रेबरोबर पातळीचाही विचार करावा लागतो. कोमट पाण्याच्या तळ्यात उष्णता अपार असते, पण तिच्यावर यंत्र चालणे कठीण. म्हणून उंच तापमानासाठी निराळे पदार्थ निवडले जातात. राजस्थानात अबूरोड येथे ब्रह्मकुमारी संस्थेने ‘इंडिया वन’ नावाचे सौर वीज केंद्र उभारले आणि ते २०१७ साली चालू झाले. तेथे प्रत्येकी ६० चौरस मीटरचे ७७० आरसे आहेत, आणि प्रत्येक आरशाचे ऊन बिडाच्या एका मोठ्या गोळ्यावर एकवटते. तो गोळा दिवसभर तापतो आणि त्याच्याभोवतीच्या नळ्यांतील पाण्याची हवी तेव्हा वाफ करतो. सुमारे सोळा तास पुरेल एवढी साठवण ठेवून एक मेगावॉटचे हे केंद्र रात्रीही चालावे, अशी त्याची योजना आहे. ग्वाल्हेरच्या दगडी भिंतीचेच हे लोखंडी भावंड म्हणावे.

स्पेनमध्ये ग्रानाडा प्रांतातील अँडासोल येथे २००८ पासून निराळी रीत चालू आहे. तेथे सोडियम नायट्रेट आणि पोटॅशियम नायट्रेट, म्हणजे सोरा, या क्षारांचे मिश्रण वितळवून वापरतात. एका केंद्रासाठी हे मिश्रण २८,५०० टन लागते. दोन प्रचंड टाक्यांपैकी एकीत ते सुमारे २९० अंशांवर, दुसरीत सुमारे ३९० अंशांवर असते. दिवसा थंड टाकीतील क्षार तापवून गरम टाकीत सोडतात. रात्री उलट क्रम. दोन्ही टाक्यांत क्षार द्रवरूपच राहतो, म्हणून ही साठवण संवेद्य उष्णतेचीच. या साठ्यावर ५० मेगावॉटचे केंद्र सूर्य मावळल्यावरही साडेसात तास चालते. गैरसोय अशी, की क्षार कोठेही थिजू देता येत नाही. नळीत थिजला तर सारा कारभार ठप्प. फिनलंडमध्ये कांकानपा या गावी २०२२ साली साध्या वाळूची कोठी उभारली गेली. सुमारे १०० टन वाळू विजेने ५०० अंशांहून अधिक तापवून तिची उष्णता गावच्या घरांना पुरविली जाते. वाळू थिजण्याची भीती नाही आणि उकळण्याचीही नाही. मात्र तिच्यातून उष्णता सहजी पसरत नसल्याने आत गरम हवा खेळवावी लागते.

आणि मानमंदिराच्या तळघराची आठवण करून देणारा प्रयोग कॅनडातील ओकोटोक्स गावी झाला. २००७ साली तेथील ५२ घरांच्या वसाहतीने गॅरेजच्या छपरांवर उन्हाळ्यात तापविलेले पाणी जमिनीतील १४४ विंधनछिद्रांतून खेळविण्यास आरंभ केला. प्रत्येक छिद्र ३७ मीटर खोल होते. उन्हाळाभर भूमी तापवावयाची आणि कडाक्याच्या हिवाळ्यात तीच उष्णता घरांत आणावयाची. काही वर्षांनी घरे तापविण्याच्या गरजेपैकी नव्वद टक्क्यांहून अधिक भाग उन्हाने भागू लागला. यंत्रसामग्री जीर्ण झाल्यामुळे २०२४ साली ही योजना थांबविण्यात आली. पण उन्हाळ्याचे ऊन हिवाळ्यापर्यंत जमिनीत टिकते, हे तिने दाखवून दिले.

एक शंका येथे स्वाभाविक आहे. तांब्यातील गरम पाणी तासाभरात निवते, मग जमिनीतील उष्णता सहा महिने कशी टिकते? उत्तर आकारात आहे. उष्णता साठते ती आकारमानात आणि निसटते ती पृष्ठभागातून. टाकीची लांबी, रुंदी व उंची दुप्पट केली, तर आकारमान आठपट होते, पण पृष्ठभाग चारपटच वाढतो. म्हणजे दर लिटरमागे होणारी गळती निम्मी झाली. कोठार जितके मोठे, तितकी त्याची साठवण टिकाऊ. लहान कोठाराला जाड आवरण हवे. प्रचंड कोठाराला त्याचा आकारच बराचसा राखतो.

आता शेवटचा आणि सर्वांत जवळचा मुद्दा. साठवणीचा गुण योग्य वेळी उपकारक असतो, तसा अवेळी घातकही ठरतो. आज ग्वाल्हेरमध्ये काय आणि नागपूर-जळगावात काय, बहुतेक नवी घरे विटांच्या पातळ भिंतींची आणि काँक्रीटच्या सपाट छताची असतात. पाच मीटर लांब, चार मीटर रुंद व बारा सेंटिमीटर जाड अशा छताचे वजन पावणेसहा टन भरते. उन्हात ते सरासरी १५ अंशांनी तापले असे धरले, तर त्यात १८,००० किलोकॅलरी, म्हणजे २१ युनिट विजेइतकी उष्णता साठते. दगडी भिंत ही लाट अर्धा दिवस अडवून धरते; पातळ छत मात्र ती तीनचार तासांतच आत सोडू लागते. दुपारचे ऊन सायंकाळी छताच्या खालच्या अंगाला पोहोचते आणि घरातील माणसे जेवून अंथरुणाला पाठ टेकतात, तेव्हा छत त्यांच्या अंगावर ते ओतत राहते. पत्र्याचे छप्पर दिवसा असह्य होते, पण रात्री लवकर निवते. काँक्रीटचे छत रात्रीसुद्धा सोडत नाही. पंखा लावला, तर तो छताजवळची तापलेली हवाच खाली ढकलतो.

हा केवळ गैरसोयीचा प्रश्न नव्हे. दिवसभराच्या तापाने शिणलेल्या शरीराला रात्रीचा गारवा मिळाला तरच ते सावरते. तो न मिळाला, तर म्हातारी माणसे, तान्ही मुले आणि आजारी माणसे यांच्या जिवावर बेतते. मे २०१० मधील उष्णतेच्या लाटेत अहमदाबाद शहरात नेहमीपेक्षा तेराशेहून अधिक मृत्यू झाले, असा अभ्यासकांचा हिशेब आहे. त्यानंतर २०१३ साली त्या शहराने उष्णतेपासून बचावाची सविस्तर योजना आखली, आणि २०१७ पासून गरीब वस्त्यांतील छपरांना पांढरा लेप देण्याचा उपक्रम तिला जोडला. तेलंगण राज्याने २०२३ साली शीतल छतांचे धोरणच जाहीर केले.

यावर उपाय काय? सर्वांनी मानसिंहाच्या महालासारख्या भिंती बांधाव्या, असे कोणी सुचविणार नाही. साठ सेंटिमीटरची भिंत लहान भूखंडातील जागा खाते आणि तिचा खर्चही मोठा. पण तत्त्व कळले म्हणजे स्वस्त उपाय सुचतात. पहिला, कोठार भरूच न देणे. छतावर चुन्याचा दाट पांढरा हात दरवर्षी उन्हाळ्यापूर्वी दिला, तर बरेचसे ऊन परतून जाते. दुसरा, आवरण बाहेरून घालणे. छताच्या वरच्या अंगाला उष्णतारोधक थर द्यावा. मातीची मडकी उपडी मांडून त्यांवर चुन्याचा कोबा करण्याची जुनी रीतही याच हेतूची. मडक्यांतील कोंडलेली हवा ऊन अडविते आणि छताचे वजन आतील गारव्याच्या बाजूला राहते. तोच थर आतून, छताच्या खाली दिला, तर काँक्रीट उन्हात तापतच राहते. तिसरा, पश्चिमेकडील भिंतीवर सावली. झाड, वेल किंवा जाळी, जे जमेल ते. चौथा, आणि यास पैसाही लागत नाही: दिवसा घर बंद ठेवून रात्री समोरासमोरच्या खिडक्या उघडणे, म्हणजे दिवसाचा साठा बाहेर वाहून जाईल. पावसाळ्याच्या तोंडी रात्रीही हवा निवत नाही, तेव्हा या शेवटच्या उपायाचे बळ कमी होते, हे मान्य केले पाहिजे. परंतु एप्रिल-मेच्या कोरड्या उन्हाळ्यात त्याचा गुण निश्चित येतो.

घर बांधताना खोल्या किती आणि खर्च किती, हे मिस्त्रीला सारेच विचारतात. त्याबरोबर आणखी एक गोष्ट विचारून ठेवावी: दुपारी दोन वाजता छतावर पडलेले ऊन घरात किती वाजता येणार, आणि त्या वेळी घरात कोण झोपलेले असणार? छताचा पहिला थर पडण्याआधी या प्रश्नाचे उत्तर मिळाले, तर पुढील कित्येक उन्हाळ्यांच्या रात्री सुसह्य होतील.